गवत आणि गोष्ट

‘मसाई’ हा शब्द कानी पडला की कोल्हापूरच्या माणसाला आफ्रिका आठवत नाही, पन्हाळा आठवतो. पन्हाळ्याच्या पुढे मसाईचे पठार पसरले आहे. जांभ्या दगडाचे, तव्यासारखे सपाट, आणि एवढे लांबरुंद की मधोमध उभे राहिले म्हणजे आपण डोंगराच्या माथ्यावर आहोत हे विसरायला होते. वर मसाई देवीचे लहानसे देऊळ आहे. नावाच्या शेवटी ‘आई’ असलेली ही देवी जोगाई, तुकाई यांच्या गोतातली वाटते. १६६० च्या आषाढात सिद्दी जौहरचा वेढा चुकवून शिवाजी महाराज पन्हाळ्यावरून विशाळगडाकडे निघाले ते याच बाजूने. त्या रात्रीची आठवण म्हणून दर पावसाळ्यात तरुणांचे जथे इथून चिखल तुडवीत पावनखिंडीकडे जातात. वाटेत त्यांना धनगरवाडे लागतात. कुणी पाणी मागतो, कुणी भाकरी मागतो, आणि जथा पुढे निघून जातो.

दुसरे मसाई मला भेटले ते पुस्तकात. केनिया आणि टांझानिया या देशांच्या गवताळ मुलखात गाईगुरे राखणारे हे लोक. ‘मा’ ही त्यांची भाषा, आणि ती बोलणारा तो मसाई. आमच्या देवीच्या नावाशी या नावाचा काडीइतकाही संबंध नाही. हा निव्वळ उच्चारांचा योगायोग आहे. परंतु योगायोगांनाही काही उपयोग असतो. ओळखीच्या नावाचा परका माणूस दारात आला म्हणजे आपण त्याला निदान ओसरीवर बसवून घेतो. माझे तसेच झाले. नावाच्या नवलाने पुस्तक उघडले आणि मग ते पुष्कळ दिवस हातातून सुटले नाही.

तसा त्या मुलखाचा आणि कोल्हापूरचा थोडा ऋणानुबंध आहे. आपल्याकडचे चित्ते दुर्मीळ झाले तेव्हा संस्थानी काळात शिकारीसाठी आफ्रिकेतून चित्ते आणवीत, आणि ते बाळगणाऱ्या संस्थानांत कोल्हापूर होते. तिकडची जनावरे आपल्या गावात बोटीने आणि आगगाडीने येऊन पोहोचली होती. तिकडच्या गोष्टींना मात्र यायला पुस्तकाचीच वाट धरावी लागली.

ते पुस्तक ए. सी. हॉलिस या इंग्रज अधिकाऱ्याचे. १९०५ साली ऑक्सफर्डहून निघालेले. त्यात मसाईंच्या भाषेचे व्याकरण आहे, गोष्टी आहेत, म्हणी आणि उखाणे आहेत, लग्न-मर्तिकाच्या चालीरीती आहेत. मूळ मसाई शब्द आणि त्यांचा इंग्रजी अर्थ असा सगळा संसार त्याने निगुतीने मांडला आहे. परक्या मुलखात कचेरीचे काम सांभाळून एवढे करायचे म्हणजे त्या भाषेवर जीव जडलेला असला पाहिजे. वाचताना हॉलिसविषयी आदर वाटतो, आणि तो शेवटपर्यंत टिकतो. पुढे मी जे म्हणणार आहे ते या आदरासकट वाचावे.

त्यातली गाईंच्या जन्माची गोष्ट अशी. जगाच्या आरंभी देवाने डोरोबो नावाच्या रानातल्या शिकारी माणसाला सांगितले की उद्या पहाटे ये, तुला काही द्यायचे आहे. हे बोलणे एका मसाईने चोरून ऐकले आणि डोरोबो उठायच्या आत तोच जाऊन उभा राहिला. देवाने आभाळातून कातड्याची एक लांब वादी खाली सोडली आणि तिच्यावरून एकामागून एक गाई उतरू लागल्या. एवढ्यात डोरोबो जागा झाला, समोरचा प्रकार पाहून ओरडला, आणि देवाने वादी वर ओढून घेतली. उतरल्या तेवढ्या गाई मसाईच्या झाल्या. डोरोबोच्या वाट्याला रान आणि शिकार राहिली. या गोष्टीचे आणखीही पाठ आहेत. एका पाठात डोरोबो रागाने बाण मारून ती वादीच तोडतो. पण सार एकच, की जगातल्या गाई देवाने मसाईंना दिल्या. मग दुसऱ्याच्या दावणीला दिसलेली गाय ही कधी काळी आपल्याकडूनच गेलेली असणार, आणि ती परत आणणे ही चोरी कशी?

ही गोष्ट वाचली की मराठी माणसाला आपल्या धनगरांची गोष्ट आठवावी. तीही इंग्रजी अमदानीत पुस्तकात चढली आहे. पहिली शेळ्यामेंढरे वारुळातून बाहेर आली. बाहेर आली ती थेट लोकांच्या शेतांत शिरली आणि उभी पिके खाऊ लागली. लोक महादेवाला शरण गेले. तेव्हा महादेवाने त्या जनावरांना राखायला म्हणून धनगर निर्माण केला. म्हणून धनगराला वारूळ पूज्य.

दोन्ही गोष्टी जनावरे कुठून आली हेच सांगतात. एकीत ती आभाळातून उतरतात, दुसरीत जमिनीतून वर येतात. पण मला त्याहून मोठा वाटतो तो निराळाच फरक. मसाईच्या गोष्टीत हक्क आहे. गाई आमच्या, कारण देवाने त्या आमच्याकडे सोडल्या. धनगराच्या गोष्टीत काम आहे. मेंढरे आधी आली, नासधूस आधी झाली, आणि ती आवरायला कुणीतरी हवा होता म्हणून धनगर आला. पहिल्या गोष्टीला चहूबाजूंना मोकळे माळ लागतात. दुसरी गोष्ट गावाच्या शिवारात घडते. तिच्यात शेतकरी आधीपासून आहे, पीक आधीपासून आहे, आणि धनगराला त्या दोघांशी जमवून घ्यायचे आहे. ज्या मुलखात रब्बीचे रान आणि माळ एकमेकांना लागून आहेत त्या मुलखाची ही गोष्ट आहे. लोककथा आभाळातून पडत नाहीत. जिथले गवत तशी गोष्ट.

हे मला एका धनगराने शिकवले.

मागल्या हिवाळ्यात पंचगंगेच्या अलीकडे एका मळ्यात मेंढरे बसली होती. ऊस तुटून गेलेल्या रानात मेंढरे बसवायची, त्यांच्या लेंडीखताने जमीन सुधारायची, आणि त्याबद्दल धनगराला धान्य किंवा पैसे द्यायचे, हा आपल्याकडचा जुना व्यवहार. वाघर लावून झाली होती. तिच्या आत मेंढरे एकमेकांना चिकटून रवंथ करीत होती. बाहेर तीन दगडांच्या चुलीवर चहा उकळत होता. मळेवाल्याच्या ओळखीने मी तिथे बसलो होतो. म्हातारे मामा घोंगडी पांघरून बसले होते. त्यांनी नाव-गाव विचारले, मी सांगितले, आणि मग बोलायला दुसरे काही सुचेना म्हणून मी त्यांना मसाईंच्या गाईंची गोष्ट सांगितली.

मामांनी आधी कामाच्या गोष्टी विचारल्या. “पावणं, रातच्याला वाघर लावत्यात व्हय तितं?” मी म्हटले, “वाघर नाही मामा, काटेरी फांद्यांचं कुंपण करतात.” “वाघ हाय का?” “वाघ नाही, सिंह आहे.” “मग काट्यांचंच पायजे,” मामा म्हणाले. पाऊस किती, पाणी किती लांब, गाय म्हातारी झाली तर काय करतात, हे सारे त्यांनी एकेक करून विचारले. मला ठाऊक होते तेवढे सांगितले. शेवटी ते शेजारच्या पोराला म्हणाले, “आमच्यातलीच हायती की रं.”

मग बराच वेळ ते गप्प होते. चहा झाल्यावर म्हणाले, “त्यो जो वरडला, त्येला काय घावलं?”

“काही नाही मामा. रान राहिलं.”

“आन् ही गोष्ट सांगितली कुनी? गाई ज्येला घावल्या त्येनंच न्हवं?”

“होय.”

“मग बरूबर हाय,” ते म्हणाले. थोड्या वेळाने माझ्याकडे वळून त्यांनी विचारले, “तुमी लिवतासा काय ह्ये समदं?”

मी म्हटले, “लिहीन म्हणतो.”

“मग गवताचंबी लिवा. गोष्टी काय, आमच्याकडं रगड हायत्या. गवत न्हाई.”

त्या रात्रीनंतर मी हॉलिसचे पुस्तक पुन्हा वाचायला घेतले. या वेळी गोष्टींच्या बाहेर काय चालले होते ते पाहावे म्हटले, आणि पहिल्या पानापासून ते दिसू लागले. हॉलिस हा ब्रिटिश पूर्व आफ्रिकेच्या कारभारातला बडा अधिकारी. पुस्तकाला प्रस्तावना सर चार्ल्स एलियट यांची. हे एलियट १९०४ पर्यंत त्या प्रदेशाचे आयुक्त होते, आणि तिथल्या थंड हवेच्या पठारांवर गोऱ्यांची वसाहत व्हावी याचे कडवे पुरस्कर्ते होते. मोंबासापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंतची रेल्वे १९०१ साली पुरी झाली. ती बांधायला हिंदुस्थानातून सुमारे ३२,००० मजूर नेले होते. एवढा खर्च करून आगगाडी नेली तर तिच्या दोन्ही अंगांना पिकती शेते आणि खंडणारे मळे हवेत, असा सरकारचा हिशेब. आणि रेल्वेच्या दोन्ही अंगांना होते ते मसाईंचे चराऊ रान.

१९०४ साली मसाईंशी करार झाला. रेल्वेकाठचे उत्तम कुरण त्यांनी सोडायचे, आणि त्यांच्यासाठी उत्तरेला लायकिपिया व दक्षिणेला दुसरे अशी दोन राने राखून ठेवायची. मसाई जमात पृथ्वीवर आहे तोवर हा करार चालेल, असे त्यात लिहिले होते. तो सात वर्षे चालला. १९११ साली दुसरा करार करून लायकिपियाही काढून घेतले आणि माणसांना व गुरांना दक्षिणेकडे हाकलले. मसाई गप्प बसले नाहीत. १९१३ साली ते कोर्टात गेले. कोर्टाने निकाल दिला की हा करार दोन सत्तांमधला तह आहे, आणि तहाचा निवाडा करण्याचा या कोर्टाला अधिकार नाही. जमीन घेताना जे रयत होते ते दाद मागताना परके राष्ट्र ठरले.

म्हणजे पाहा. १९०४ साली गवत काढून घेणारा कागद झाला, आणि १९०५ साली गोष्टी जपणारे पुस्तक निघाले. दोन्ही एकाच राजवटीच्या कचेऱ्यांतून. यात हॉलिसने लबाडी केली असे मी म्हणत नाही. त्याने मन लावून ऐकले आणि प्रामाणिकपणे लिहिले. पण राज्यकर्त्याच्या घरी जन्मलेल्या पुस्तकात गोष्ट तेवढी येते आणि गवत बाहेर राहते. पुढे वाचणाऱ्याला वाटते की या लोकांजवळ फक्त गोष्टीच होत्या. शिवाय गाई सगळ्या आमच्याच, ही गोष्ट मोकळ्या माळावर म्हटली तर ती अभिमानाची असते. तीच कचेरीच्या टेबलावर आली की पोलिसांच्या कामाची होते. हे लोक जात्याच गुरे पळवणारे, असा त्यांच्याविरुद्धचा पुरावा त्यांच्याच तोंडून मिळतो.

आपल्याकडे निराळे काय होते? कोल्हापूरचे इंग्रजी गॅझेटिअर १८८६ साली निघाले. त्यात धनगर आहेत. इतर जातींसारखेच त्यांचेही राहणे, खाणेपिणे, देवधर्म, लग्न आणि मर्तिक ओळीने मांडले आहे. रेजिनाल्ड एन्थोव्हेन या सनदी अधिकाऱ्याने १९२० पासून मुंबई इलाख्यातल्या जाती-जमातींवर तीन जाडजूड खंड काढले. त्याच्याच हातून गुजरात आणि कोकण यांच्या लोकसमजुतींची टिपणे १९१४-१५ साली छापली गेली. ती टिपणे मुळात जमवली होती ए. एम. टी. जॅक्सन यांनी, गावोगावच्या शाळामास्तरांना प्रश्न पाठवून. हे जॅक्सन म्हणजे नाशिकचे कलेक्टर. १९०९ च्या डिसेंबरात ‘शारदा’ नाटकाच्या वेळी विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी ज्यांच्यावर गोळ्या झाडल्या तेच. तो माणूस संस्कृत जाणणारा होता आणि आपल्या आजीबाईंच्या समजुती टिपून घेणारा होता. त्याच खुर्चीवरून तो हुकूमही काढीत होता. इतिहासात त्याचा एकच हात लिहिला गेला आहे. लोकसाहित्याच्या ग्रंथांत दुसराच हात दिसतो. माणूस मात्र एकच होता, आणि त्याला दोन हात होते एवढे आपण लक्षात ठेवले म्हणजे झाले.

कुणी म्हणेल, या साहेबांनी लिहिले नसते तर तुम्हाला वारुळाची गोष्ट पुस्तकात मिळाली असती काय? रास्त प्रश्न आहे. आमच्या गावात ‘करवीर नगर वाचन मंदिर’ १८५० पासून आहे. त्याच्या कपाटांपासून चालत निघाले तर तासाभरात मेंढरांचा तळ लागावा अशी शहराची घडण तेव्हा होती. पण तळावरची ओवी कपाटात यायला किती वर्षे लागली! वाचणारे आणि गाणारे एकाच पेठेचा बाजार करीत होते, आणि तरी एकमेकांच्या गोष्टी त्यांना परदेशाइतक्या लांब होत्या.

ती वाट चालून आला तोही परदेशातलाच एक माणूस. गुंथर सोन्थायमर हे जर्मनीतल्या हायडेलबर्गचे. हिंदू कायद्याचे अभ्यासक. पुढे ते महाराष्ट्रातल्या धनगरांच्या मागोमाग चालू लागले, तळांवर बसले, ध्वनिफितींवर ओव्या उतरून घेतल्या. बिरोबा, म्हसकोबा आणि खंडोबा यांच्यावरचा त्यांचा ग्रंथ १९७६ साली जर्मन भाषेत निघाला, आणि अ‍ॅन फेल्डहाउस यांनी केलेले त्याचे इंग्रजी भाषांतर १९८९ साली. १९९२ साली सोन्थायमर गेले. त्यांच्या ग्रंथात आणि हॉलिसच्या ग्रंथात मला जो फरक जाणवतो तो विद्वत्तेचा नव्हे. सोन्थायमर यांना धनगराकडून ना सारा घ्यायचा होता ना जमीन. म्हणून त्यांच्या पानांवर देव एकटे येत नाहीत. देवांच्या बरोबर माळ येतो, पाऊस येतो, डोंगरातल्या वाटा येतात, घाटावरची बाजारपेठ येते. कोणता देव कुठून कुठे गेला हे शोधताना कळप कोणत्या ऋतूत कुठून कुठे जातात ते त्यांनी पाहिले. गोष्ट आणि गवत त्यांनी एकत्र मांडले.

आणि तसे मांडले की केवढा पालट होतो! डॉ. रा. चिं. ढेरे यांचा ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ हा ग्रंथ १९८४ साली आला. अवघ्या महाराष्ट्राचा विठोबा हा मुळात गवळी-धनगरांचा देव, हा त्यातला विचार. त्यासाठी ढेरे ज्या ठिकाणी वाचकाला नेतात त्यांत आपले पट्टणकोडोली आहे. तिथे विठ्ठल आणि बिरदेव ही धनगरांची जोडी नांदते. ज्यांना गॅझेटिअरने जातींच्या यादीत एक जागा दिली होती त्यांच्या देवघरातून पंढरपूरची वाट निघते असे कुणी दाखवले, म्हणजे यादी कशी उलटी होते! कडेला उभा असलेला माणूस एकाएकी घराच्या मध्यभागी दिसू लागतो.

हातकणंगले तालुक्यातल्या या पट्टणकोडोलीची जत्रा दसऱ्यानंतर आणि दिवाळीच्या आधी भरते. वाचकांच्या हाती हा अंक पडेल तेव्हा तिचा भंडारा रस्त्यावरून अजून पुरता गेलेला नसेल. सोलापूर जिल्ह्यातल्या अंजनगावाहून फरांडे बाबा पायी चालत येतात. ढोल आणि कैताळ यांचा गजर, उंच धरलेल्या छत्र्या, आणि वरून भंडारा, खोबरे, लोकर यांची उधळण. तलवार घेऊन हेडाम खेळत बाबा देवळाकडे येतात आणि भाकणूक सांगतात. पाऊस कसा होईल, पीक कसे येईल, कोणत्या धान्याला भाव येईल, रोगराईचे काय, हे त्या भाकणुकीत असते. ऐकणारे लोक एकेक शब्द मनात धरून घरी जातात.

हे सारे पुस्तकात किती येईल? शब्द येतील. पण पिवळ्या धुळीत उभ्या राहिलेल्या हजारो माणसांना पावसाविषयी ऐकताना जो श्वास अडखळतो, तो छापता येत नाही. ओवीचेही तेच. धनगराची ओवी गाऊन आणि सांगून अशी आलटून पालटून चालते. गायलेला भाग संपला की तोच बोलीत उलगडून सांगायचा, आणि पुन्हा गायचा. आरंभी सुंबरान, म्हणजे देवांचे स्मरण. गाणारा चुकला तर ऐकणारा त्याला सावरतो, ऐकणारा पेंगला तर गाणारा त्याला चिमटा काढतो. पुस्तकाला सावरायला कुणी नसते. एकदा छापले ते छापले.

म्हणून मला वाटते, पुस्तकाची खरी कसोटी ही आहे की ज्याची गोष्ट त्याला तिच्यात बोलायला जागा आहे की नाही. मसाईंनी ती जागा पुढे स्वतःच करून घेतली. टेपिलिट ओले सैतोती हा मसाई तरुण शिकला, परदेशी गेला, आणि १९८० साली कॅरोल बेकविथ या छायाचित्रकार बाईंबरोबर त्याने आपल्या लोकांवर ग्रंथ काढला. १९८६ साली आत्मचरित्र लिहिले. नाओमी किपुरी या मसाई विदुषींनी आपल्या लोकांचे मौखिक वाङ्मय १९८३ साली संपादून छापले. गोष्टी घरी परत आल्या.

गवत मात्र परत आले नाही. सेरेंगेटीच्या राष्ट्रीय उद्यानातून १९५९ साली मसाईंना बाहेर काढले. तेव्हा राज्य इंग्रजांचे होते. २०२२ च्या जूनमध्ये टांझानियाच्या लोलिओंडो भागात शिकारीच्या राखीव रानासाठी १,५०० चौरस किलोमीटरची हद्द आखताना पोलीस आणि मसाई यांची चकमक झाली. तेव्हा राज्य स्वकीयांचे होते. राजवट बदलली की गवताचा हिशेब आपोआप बदलतो असे नाही.

आपला हिशेब इतका रक्ताचा नाही, पण त्याची बेरीज त्याच दिशेने जाते. शाहू महाराजांनी राधानगरीला धरण बांधायला घेतले आणि त्या पाण्याने या जिल्ह्याचे दैन्य हटवले. त्या उपकाराला तोड नाही. पण ऊस वाढला तसा माळ आटला. गोकुळ शिरगावपासून कागलपर्यंत ज्या माळांवर मेंढरे हिंडत तिथे कारखान्यांच्या वसाहती उभ्या राहिल्या, आणि हजारो घरांच्या चुली त्यांवर पेटल्या. दाजीपूरचे रान १९५८ साली गव्यांसाठी अभयारण्य झाले, आणि गवा राहिला याचा आनंद कुणाला होणार नाही? यातले एकही काम वाईट नव्हते. प्रत्येक कामापुढे गवत हे रिकामी जागा म्हणून मांडले गेले, एवढेच. गावच्या नकाशात शेताला मालक असतो, रस्त्याला खाते असते. माळाला कुणी नसतो, कारण तो ज्याचा आहे तो वर्षातून काही दिवसच तिथे असतो. आता मेंढरांची लोकर विकत घ्यायलाही कुणी फारसे येत नाही. चिंचोक्याची खळ दिलेली घोंगडी देवापुढे अंथरायला लागते, आणि थंडीला बाजारातले ब्लँकेट येते. अशा वेळी धनगर म्हणतो, गोष्टी रगड आहेत. त्याचे खरे आहे. गोष्टींना चारा लागत नाही.

हॉलिसच्या पुस्तकातली आणखी एक गोष्ट सांगतो. लेएयो हा मसाईंचा आदिपुरुष. देवाने त्याला सांगून ठेवले होते की कुणाचे मूल मेले तर त्याला टाकताना म्हण, माणूस मरो आणि परत येवो, चंद्र मात्र मेला की जावो. पुढे एक मूल मेले. ते लेएयोचे नव्हते, शेजाऱ्याचे होते. लेएयोने ते उचलले आणि मनात म्हटले, हे काही माझे नव्हे. तो उलटे बोलला. चंद्र मरो आणि परत येवो, माणूस जावो. काही दिवसांनी त्याचे स्वतःचे मूल मेले. आता तो नीट बोलला. पण देव म्हणाला, उशीर झाला, त्या मुलाच्या वेळी तू शब्द घालवलास. तेव्हापासून चंद्र परत येतो आणि माणूस येत नाही.

मरणाची गोष्ट म्हणून ती सुंदर आहेच. पण मला ती लिहिणाऱ्यांची गोष्ट वाटते. दुसऱ्याच्या मुलाविषयी आपण जे बेफिकिरीने बोलतो, नोंदवतो, शिक्का मारून ठेवतो, ते पुढे आपल्या मुलापाशी येते, आणि तेव्हा ते फिरवता येत नाही. करार तसाच, गॅझेटिअर तसेच, आणि गावच्या सभेत गायरानाविषयी केलेला एका ओळीचा ठराव तोही तसाच. हॉलिसने ही गोष्ट अगदी बिनचूक उतरवून घेतली. तिचा अर्थ शेजारच्या टेबलावर करार लिहिणाऱ्यांना कुणी वाचून दाखवला असता तर किती बरे झाले असते!

२०२५ च्या एप्रिलमध्ये केंद्रीय लोकसेवा आयोगाचा निकाल लागला. कागल तालुक्यातल्या यमगे गावचा बिरदेव डोणे हा धनगराचा मुलगा ५५१ व्या क्रमांकाने उत्तीर्ण झाला. निकाल कळला तेव्हा तो मेंढरांपाशी होता. वर्तमानपत्रांत त्याची पिवळ्या फेट्यातली, मेंढरांच्या घोळक्यातली छायाचित्रे आली आणि सगळ्या जिल्ह्याला घरचे कार्य असल्यासारखा आनंद झाला. मला त्या आनंदात एक निराळाच विचार सुचला. हॉलिस, जॅक्सन, एन्थोव्हेन हे सारे याच जातीच्या परीक्षा देऊन किंवा याच जातीच्या खुर्च्यांवर बसून आले होते. कागद त्यांच्या हातात होता आणि गोष्ट धनगराच्या तोंडात. दीडशे वर्षांनी कागद आणि गोष्ट एकाच घरात आली आहेत, आणि त्या घरातल्या मुलाचे नाव देवावरून ठेवलेले आहे.

त्याने गोष्टी लिहाव्यात असे माझे म्हणणे नाही. त्याला पुष्कळ कामे असतील, आणि एका मुलाच्या खांद्यावर सगळ्या माळाचे ओझे टाकणे हाही अन्यायच. पण त्याच्यासारखे आणखी येतील. त्यांतल्या कुणापुढे एखाद्या दिवशी एखाद्या माळाची फाईल येईल, आणि तिच्यावर ‘पडीक’ असा शेरा असेल. ती वाचताना, तिथे श्रावणात काय उगवते आणि दिवाळीनंतर कुणाचा तळ पडतो हे त्याला कुणी सांगावे लागणार नाही. तो शेरा त्याने खोडला, तर मळ्यातल्या मामांनी मला सांगितलेले काम माझ्या लेखापेक्षा त्याच्या हातून चांगले होईल.